अंकुराची वाढ

अंकुराची वाढ हा धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांनी इ.स. १९१२ मध्ये मुंबईतील दादर येथे तयार केलेला मूक लघुपट होय. कुंडीत पेरलेल्या वाटाण्याला अंकुर फुटून त्याचा वेल होईपर्यंतची, महिन्याहून अधिक काळ चाललेली वाढ या लघुपटात सुमारे एका मिनिटात दाखवली होती. फाळके यांनी हा लघुपट सार्वजनिक खेळासाठी नव्हे, तर आपल्याला चलच्चित्रणाची कला अवगत झाली आहे हे परिचितांना पटवून देण्यासाठी व राजा हरिश्चंद्र या नियोजित चित्रपटासाठी भांडवल मिळवण्यासाठी केला. डोळ्याला जाणवत नाही इतकी मंद हालचाल चित्रफितीवर टिपण्याचा भारतातील हा आरंभीचा प्रयत्न म्हणून चित्रपटाच्या इतिहासात त्याला महत्त्व आहे.

गती टिपण्याचे आरंभीचे प्रयोग

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत छायाचित्र घेण्यास बराच वेळ लागत असे, त्यामुळे हलणारी वस्तू त्यात पुसट उमटे. पुढे रासायनिक लेप अधिक संवेदनशील झाले आणि क्षणाच्या लहानशा भागात चित्र घेणे शक्य झाले. फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ झ्यूल जान्सेन यांनी १८७४ मध्ये शुक्राचे अधिक्रमण टिपण्यासाठी ठरावीक अंतराने एकामागून एक चित्रे घेणारे यंत्र वापरले. १८७८ मध्ये एडवर्ड मायब्रिज यांनी कॅलिफोर्नियातील पालो अल्टो येथे घोड्याच्या धावेच्या वाटेवर १२ कॅमेरे ओळीने मांडले. वाटेवर आडव्या ताणलेल्या तारा घोड्याच्या धक्क्याने ओढल्या जाऊन एकेक कॅमेऱ्याची झडप उघडे. भरधाव घोड्याचे चारही पाय एका क्षणी जमिनीपासून सुटलेले असतात, हे त्या चित्रांवरून सिद्ध झाले. १८८२ मध्ये एत्येन झ्यूल मारे या शरीरक्रियाशास्त्रज्ञाने बंदुकीच्या आकाराचा कॅमेरा बनवून उडत्या पक्ष्यांची एका सेकंदात १२ चित्रे घेतली.

या प्रयोगांचा हेतू करमणूक हा नव्हता. डोळ्याला पकडता न येणारी जलद हालचाल थांबवून तिचे टप्पे तपासणे, हा त्यांचा उद्देश होता. सेल्युलॉइडची लवचिक फीत प्रचारात आल्यावर असे शेकडो टप्पे एकाच पट्टीवर घेणे शक्य झाले. टॉमस एडिसन यांच्या प्रयोगशाळेतील किनेटोस्कोप या यंत्रात एका वेळी एकाच माणसाला डोळा लावून चित्रे पाहता येत. ऑगस्ट व लुई ल्युमिएर या बंधूंनी तीच चित्रे पडद्यावर पाडून २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये पैसे देऊन आलेल्या प्रेक्षकांना दाखवली. त्यानंतर सुमारे सहा महिन्यांनी, ७ जुलै १८९६ रोजी, ल्युमिएर यांच्या चित्रफिती मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखवण्यात आल्या.

महाराष्ट्रातील आधीचे प्रयत्न

पडद्यावर प्रकाशचित्रे पाहण्याची सवय महाराष्ट्रातील प्रेक्षकांना चित्रपटापूर्वीच लागली होती. कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन व त्यांचे कुटुंबीय यांनी १८९० नंतरच्या दशकात ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने जादूच्या कंदिलाचे खेळ केले. मायावी विद्या जाणणारा पुराणातील शंबर हा असुर या नावाच्या मुळाशी आहे. काचेच्या पट्ट्यांवर रंगवलेली पौराणिक चित्रे दिव्याच्या प्रकाशाने पडद्यावर मोठी करून दाखवली जात आणि त्यांच्या जोडीला निवेदन असे. या चित्रांतील हालचाल काचा बदलण्याच्या कौशल्यावर अवलंबून होती. कॅमेऱ्याने टिपलेली ती हालचाल नव्हती.

प्रत्यक्ष चलच्चित्रणाकडे वळलेले पहिले महाराष्ट्रीय म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा. छायाचित्रणाचा व्यवसाय करणाऱ्या भाटवडेकर यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डन येथे कुस्तीचा सामना चित्रित केला. गणितातील रँग्लर ही पदवी मिळवून परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या १९०१ मधील स्वागताचेही त्यांनी चित्रण केले. कुस्तीची चित्रफीत मात्र धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली होती. १८ मे १९१२ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झालेल्या रामचंद्र गोपाळ ऊर्फ दादासाहेब तोरणे यांच्या श्री पुंडलिक या चित्रपटाचीही हीच स्थिती होती. रंगमंचावरील नाटकाच्या या चित्रणासाठी इंग्रज छायाचित्रकाराचे साहाय्य घेण्यात आले आणि चित्रफितीवरील प्रक्रिया लंडनमध्ये झाली.

या उदाहरणांवरून त्या काळची मुख्य अडचण स्पष्ट होते. कॅमेरा विकत मिळत होता आणि चित्रण करणारेही होते. परंतु कोऱ्या फितीला भोके पाडणे, चित्रित फीत रसायनांत धुणे आणि तिची दाखवण्याजोगी प्रत काढणे ही कामे येथे हातात आलेली नव्हती. अंकुराची वाढ या लघुपटाचे महत्त्व समजण्यासाठी हा संदर्भ आवश्यक आहे.

फाळके यांची पूर्वतयारी

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईचे सर ज. जी. कला विद्यालय आणि बडोद्याचे कलाभवन येथे त्यांनी चित्रकला, छायाचित्रण व संबंधित कलांचे शिक्षण घेतले. छायाचित्रकार, पुरातत्त्व खात्यातील कर्मचारी आणि मुद्रक अशी कामे त्यांनी केली. जादूचे प्रयोगही ते करीत व त्यासाठी आपल्या आडनावातील अक्षरांची उलटापालट करून त्यांनी ‘प्रोफेसर केळफा’ हे नाव घेतले होते. छपाईच्या धंद्यातील भागीदारी तुटल्यावर, वयाच्या चाळिशीत त्यांच्यापुढे उदरनिर्वाहाचा प्रश्न उभा राहिला.

१९१०–११ च्या सुमारास मुंबईच्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेस या तंबूतील चित्रपटगृहात त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्ताचे चरित्र चालू असताना आपल्या मनःचक्षूंपुढे राम-कृष्ण दिसू लागले, असे त्यांनी पुढे लिहिले आहे. त्यानंतर त्यांनी चित्रपटाविषयी मिळेल ते साहित्य वाचले, लहानसे यंत्र व चित्रफिती मिळवून रात्री भिंतीवर चित्रे पाडून पाहिली आणि दिवसाचे अनेक तास चित्रपट पाहण्यात घालवले. या अतिश्रमाने त्यांच्या डोळ्यांवर परिणाम होऊन काही काळ त्यांना जवळजवळ दिसेनासे झाले. उपचारांनी दृष्टी परत आली आणि त्यांनी पुन्हा तेच काम हाती घेतले.

विम्याच्या पॉलिसी गहाण ठेवून उभ्या केलेल्या पैशांवर फाळके १ फेब्रुवारी १९१२ रोजी लंडनला निघाले. तेथे ‘बायोस्कोप’ या साप्ताहिकाचे संपादक कॅबोर्न यांचे मार्गदर्शन त्यांना मिळाले. कॅबोर्न यांच्या ओळखीने त्यांना सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन येथील चित्रपटनिर्मितीगृहाचे सर्व विभाग पाहता आले. विल्यमसन बनावटीचा कॅमेरा व फितीला भोके पाडण्याचे यंत्र निश्चित करून आणि कोऱ्या फितीची मागणी नोंदवून ते १ एप्रिल १९१२ रोजी मुंबईस परतले. त्याच दिवशी त्यांनी ‘फाळके फिल्म्स’ ही कंपनी स्थापन केली.

दादर येथील व्यवस्था

कंपनीचे काम दादरच्या मुख्य रस्त्यावरील राहत्या घरातच सुरू झाले. सामग्री आल्यावर फाळके यांनी सोबतच्या आराखड्याच्या आधारे यंत्रे स्वतः जोडली. त्या वेळी कोरी फीत कडांना भोके न पाडलेली येत असे. कॅमेऱ्यातील दातेरी आकडे फीत ओढून दर वेळी नेमक्या एका चौकटीइतकी पुढे सरकवतात व त्यासाठी ३५ मिलिमीटर रुंदीच्या फितीवर प्रत्येक चौकटीच्या दोन्ही बाजूंना चार-चार भोके लागतात. भोक किंचित पुढेमागे पडले तर पडद्यावरील चित्र थरथरते. शिवाय हे काम अंधारात, बोटांच्या अंदाजाने करावे लागे.

फाळके यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांनी फितीला भोके पाडणे, फीत धुणे ही कामे शिकून घेतली व घरकाम सांभाळून ती केली. प्रसंगी स्वतःचे दागिने देण्याची तयारीही त्यांनी दाखवली. भारतीय चित्रपटाच्या तांत्रिक बाजूत काम करणाऱ्या आरंभीच्या स्त्रियांमध्ये त्यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते.

चित्रीकरण

सामग्री हाताशी आली तरी मोठ्या चित्रपटासाठी भांडवल नव्हते. चित्रपटाच्या धंद्यावर परिचितांचा विश्वास नव्हता आणि फाळके यांच्या बोलण्यावर पैसे गुंतवण्यास कोणी तयार नव्हते. नट, वेशभूषा, देखावे यांचा खर्च न करता तंत्राची खात्री पटवील असा विषय त्यांना हवा होता. कुंडी, माती आणि वाटाण्याचे दाणे यांखेरीज या विषयाला काहीच लागत नव्हते.

फाळके यांनी कुंडीत वाटाणे पेरून तिच्यासमोर कॅमेरा बसवला आणि रोप जसजसे वाढेल तसतशी एकेक चौकट टिपत नेली. मातीतून वर येणारा अंकुर, उलगडणारी पाने आणि वर चढणारा वेल असा क्रम त्यात होता. या पद्धतीला आज टाइम-लॅप्स चित्रण म्हणतात.

वाटाणा हा अशा चित्रणाला अनुकूल विषय आहे. तो लवकर रुजतो. उगवताना त्याची दले मातीतच राहतात आणि अंकुराचे वाकलेले टोक माती दूर सारून वर येते व मग सरळ होते. पानांच्या टोकांना असलेले तणावे आधार शोधत हवेत फिरतात व आधार सापडताच त्याला वेढे घालतात. या हालचाली दिवसभर चालू असूनही नुसत्या डोळ्यांना दिसत नाहीत. काळ आवळून दाखवला की मात्र रोप चाचपडत वर चढत असल्यासारखे भासते.

असे चित्रण वरवर सोपे वाटले तरी त्यात अनेक अडचणी असतात. संपूर्ण काळात कॅमेरा व कुंडी जागची तसूभरही हलून चालत नाही. प्रत्येक चौकट घेताना प्रकाश शक्य तितका सारखा असावा लागतो, नाहीतर पडद्यावर चित्र लुकलुकते. रोपाची उंची आधीच अजमावून वर पुरेशी जागा सोडावी लागते. शेवटची अडचण सर्वांत मोठी: महिनाभराचे काम फीत धुतल्यावरच दिसते. मध्ये कोठे चूक झाली असेल तर ती दुरुस्त करता येत नाही, पुन्हा बी पेरण्यापासून आरंभ करावा लागतो.

काळाचे गणित

या लघुपटासाठी रोज एकच चौकट घेतली गेली, असा उल्लेख अनेक ठिकाणी आढळतो. त्याचबरोबर लघुपटाची लांबी एका मिनिटाहून थोडी अधिक होती, असेही सांगितले जाते. ही दोन विधाने एकत्र ठेवून साधा हिशेब केला असता ती जुळत नाहीत.

मूकपटाच्या काळात चित्रफीत सामान्यतः सेकंदाला सुमारे १६ चौकटी या वेगाने दाखवली जात असे. एका फूट फितीवर १६ चौकटी मावतात, म्हणजे एका सेकंदाला सुमारे एक फूट फीत लागते. त्या हिशेबाने एका मिनिटासाठी ९६० चौकटी, अर्थात ६० फूट फीत हवी. रोज एकच चौकट घेतली तर ३० दिवसांत ३० चौकटी होतात आणि त्या पडद्यावर दोन सेकंदांत संपतात. उलट ३० दिवसांत ९६० चौकटी मिळवायच्या तर रोज सरासरी ३२ चौकटी घ्याव्या लागतील. दिवसाचा उजेड १२ तास धरला तर दर २२ ते २३ मिनिटांनी एक चौकट, असे हे प्रमाण पडते.

म्हणून ‘रोज एक चौकट’ हे वर्णन एकेक चौकट सुटी घेण्याच्या पद्धतीचे सुटसुटीत सांगणे मानणे अधिक सयुक्तिक ठरते. लघुपट मिनिटभराचा असेल, तर त्यामागे कॅमेऱ्याजवळ दिवसभर थांबून, ठरावीक अंतराने, महिनाभर न चुकता केलेले श्रम असले पाहिजेत. ३० दिवसांची म्हणजे ४३,२०० मिनिटांची वाढ एका मिनिटात दाखवली, तर ती मूळ वेगाच्या ४३,२०० पट वेगाने दिसते.

वनस्पतींच्या हालचालींचे अन्य प्रयोग

वनस्पतींच्या मंद हालचाली नोंदवण्याचे प्रयत्न फाळके यांच्या आधी युरोपात झाले होते. चार्ल्स डार्विन यांनी १८८० मध्ये प्रसिद्ध केलेल्या वनस्पतींच्या चलनावरील ग्रंथासाठी रोपाच्या टोकाची जागा वेळोवेळी काचेवर ठिपक्यांनी नोंदवून, ते ठिपके जोडून मार्ग काढले होते. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी लाइपझिग येथे १८९८ ते १९०० या काळात वनस्पतींच्या वाढीचे व हालचालींचे चलच्चित्रण केले. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांनी १९१० मध्ये फुले उमलताना दाखवणारा लघुपट तयार केला व तो लोकप्रिय झाला. भारतात जगदीशचंद्र बसू यांनी याच सुमारास वनस्पतींच्या प्रतिसादांवर संशोधन चालवले होते. पुढे त्यांनी वाढीचा वेग अनेक पटींनी मोठा करून दाखवणारे क्रेस्कोग्राफ हे यंत्र तयार केले. बसू यांचे यंत्र वाढीचा आलेख काढत असे, तर चित्रफीत प्रत्यक्ष रूपच दाखवते.

मायब्रिज व मारे यांनी अतिजलद हालचाल थांबवून दाखवली. वनस्पतींच्या चित्रणात हेच तत्त्व उलट दिशेने वापरले जाते व अतिमंद हालचाल जलद करून दाखवली जाते. फाळके यांचा लघुपट वैज्ञानिक संशोधनासाठी नसला तरी तत्त्वतः तो याच परंपरेत बसतो.

परिणाम

तयार झालेला लघुपट फाळके यांनी निवडक परिचितांना दाखवला. तो पाहून छायाचित्रण साहित्याचे व्यापारी यशवंतराव नाडकर्णी व नारायणराव देव्हारे यांनी त्यांना कर्ज देऊ केले, असे चरित्रपर साहित्यात नमूद आहे. या लघुपटाने एकाच वेळी अनेक गोष्टींची खात्री पटली. फितीची भोके नेमकी पडली होती, महिनाभर एकसारखे चित्रण झाले होते आणि फीत धुऊन तिची प्रत घरातच निघाली होती. जे काम त्यापूर्वी लंडनला पाठवावे लागे, ते दादरच्या एका घरात होऊ शकते, याचा तो पुरावा होता.

त्यानंतर राजा हरिश्चंद्र या चित्रपटाचे काम सुरू झाले. सुमारे ३,७०० फूट लांबीचा हा चित्रपट २१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिंपिया चित्रपटगृहात निमंत्रितांना दाखवण्यात आला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात सर्वांसाठी प्रदर्शित झाला. भारतीय कथापटाचा आरंभ सामान्यतः याच चित्रपटापासून मानला जातो. श्री पुंडलिक त्याआधी प्रदर्शित झालेला असल्याने या अग्रमानाविषयी मतभेद आहेत व पहिल्या चित्रपटाची व्याख्या कशी करावी, यावर त्यांचा निर्णय अवलंबून राहतो.

नंतरच्या कामातील ठसा

एकेक चौकट सुटी घेण्याचे तंत्र फाळके यांनी पुढेही वापरले. आगकाड्यांची मौज या लघुपटात काड्या चौकटीगणिक थोड्या थोड्या सरकवून त्या आपोआप हलत असल्याचा आभास त्यांनी निर्माण केला. त्यांच्या पौराणिक चित्रपटांतील देवतांचे अकस्मात प्रकट होणे, अदृश्य होणे व चमत्काराचे इतर प्रसंग हे कॅमेरा थांबवणे, एकाच फितीवर दोनदा चित्रण करणे अशा युक्त्यांवर आधारलेले होते. चित्रपट कसे तयार करतात हे दाखवणारा लघुपटही त्यांनी १९१७ मध्ये केला. शिकलेली विद्या लपवून न ठेवता लोकांपुढे मांडण्याची वृत्ती त्यात दिसते.

यंत्र स्वतः समजून घेऊन चित्रपट करण्याची ही परंपरा महाराष्ट्रात पुढेही चालू राहिली. कोल्हापूर येथे बाबूराव पेंटर यांनी सहकाऱ्यांच्या मदतीने स्वतः कॅमेरा तयार केला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली आणि १९२० मध्ये सैरंध्री हा चित्रपट प्रदर्शित केला.

जतन व स्मरण

मूकपटाच्या काळातील फीत नायट्रेटच्या सेल्युलॉइडची असे. ती अतिशय ज्वालाग्राही असून उष्ण व दमट हवेत लवकर कुजते. त्यामुळे भारतातील बहुसंख्य मूकपट नष्ट झाले आहेत. राजा हरिश्चंद्र या चित्रपटाचाही काही भागच उपलब्ध आहे. पुणे येथे १९६४ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने फाळके यांच्या उपलब्ध चित्रफितींचे जतन केले आहे. अंकुराची वाढ या लघुपटाची माहिती मुख्यतः फाळके यांच्या चरित्रांतून मिळते.

परेश मोकाशी दिग्दर्शित हरिश्चंद्राची फॅक्टरी (२००९) या मराठी चित्रपटात फाळके यांच्या जीवनातील या काळाचे चित्रण असून रोपाच्या चित्रणाचा प्रसंगही त्यात आहे. फाळके यांचे निधन १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे झाले. ठरावीक अंतराने आपोआप चित्रे घेण्याची सोय आज मोबाइल फोनमध्येही असते. त्यामुळे कुंडीतील वाटाण्याची वाढ टिपण्याचा हा प्रयोग शाळेतील विद्यार्थ्यांनाही सहज करून पाहता येतो.